निर्लेप, बजाज आणि एक वितळलेला ‘व्ही’

वाळूजमध्ये किंवा चिकलठाण्यात कुणाला विचारा, “मुलगा काय करतो?” उत्तर “नोकरी करतो” असं येत नाही. “बजाजला आहे.” “स्कोडाला लागलाय.” “व्हिडिओकॉनला होता.” शेवटच्या उत्तरानंतर थोडी शांतता असते. कंपनीच्या नावाला लागणारा हा ‘ला’ मला फार महत्त्वाचा वाटतो. गावाला जातात, देवाला जातात, तसं माणूस कंपनीला असतो. लग्न जमवताना मुलाच्या पगाराआधी हा ‘ला’ विचारला जातो. वाळूजला बजाजनगर नावाची वसाहतच आहे. तिथे राहणाऱ्या कित्येकांचा बजाज कंपनीशी काडीचा संबंध नाही, पण आधार कार्डावरच्या पत्त्यात ब्रँड आहे.

ब्रँडिंगवर जे काही लिहिलं-बोललं जातं, त्यात हा ‘ला’ कधी येत नाही. तिथे सगळी चर्चा रंगाची, अक्षराच्या वळणाची, चिन्हाची. लोगो म्हणजे कंपनीचा चेहरा, असं एक वाक्य प्रत्येक प्रेझेंटेशनच्या दुसऱ्या स्लाइडवर असतं. माझा या चर्चेला विरोध नाही. मला लोगो बघायला आवडतात, टेम्पोच्या मागचेसुद्धा. पण या एका शहरात गेल्या पन्नास-साठ वर्षांत इतक्या वस्तू बनल्या, इतकी चिन्हं इथल्या फाटकांवर चढली आणि उतरली, की त्यातली कोणती लोकांच्या लक्षात राहिली आणि का, हे इथे उभं राहून तपासता येतं. म्हणून तीन कंपन्यांची चिन्हं, एक वस्त्र आणि एक अख्खं शहर, एवढं वाचून बघतो.

बजाजपासून सुरुवात करू. वाळूजचा कारखाना १९८५ मध्ये सुरू झाला. उद्घाटनाला राष्ट्रपती ग्यानी झैलसिंग आले होते. तेव्हाच्या चेतक स्कूटरवर पुढच्या बाजूला षटकोनी चिन्ह असायचं. षटकोन हा कारखान्यातला आकार आहे. नटाचा आकार. ज्यानं आयुष्यात एकदा तरी दहा नंबरचा पाना हातात धरलाय, त्याला हा आकार बोटांनी कळतो. ते चिन्ह सुंदर होतं असं मी म्हणणार नाही, पण ते कुठून आलंय हे लपवत नव्हतं. १९८९ मधल्या ‘हमारा बजाज’ जाहिरातीनं त्या स्कूटरला घरातल्या माणसाचा दर्जा दिला. स्कूटरवर उभं राहिलेलं लहान पोर, मागे एका बाजूला बसलेली बायको, मधे गॅसची टाकी. हे चित्र जाहिरातीनं बनवलं नव्हतं, रस्त्यावरून उचललं होतं.

२००१ मध्ये पल्सर आली आणि घरातला तरुण स्कूटरवरून उतरून मोटरसायकलवर बसला. २००४ मध्ये कंपनीनं चिन्ह बदललं. पुण्याच्या एलिफंट या डिझाइन संस्थेनं केलेला निळा, उडत्या पंखासारखा ‘बी’ आला. तो पुढे झुकलेला आहे, त्याच्या कडा वाऱ्यानं कापल्यासारख्या आहेत. धंद्याच्या दृष्टीनं हा बदल बरोबरच होता. षटकोन स्थिर बसतो, मोटरसायकलच्या टाकीवर बसलेलं काही विकलं जात नाही. पण या ‘बी’कडे पाहून ही वस्तू लोखंडाची आहे, ती कुणीतरी फिरवून घट्ट केली आहे, असं काही मनात येत नाही. तो विमान कंपनीलाही चालला असता. आणि पुढे तसंच काहीसं झालं. बजाज फिनसर्व्हच्या कार्डावर तोच निळा ‘बी’ आहे. आज विशीतल्या कुणाला बजाज म्हटल्यावर काय आठवतं विचारा. हप्त्यावर घेतलेला मोबाइल आठवण्याची शक्यता बरीच आहे.

२००९ च्या अखेरीस कंपनीनं स्कूटर बनवणं सोडत असल्याचं जाहीर केलं. जानेवारी २०२० मध्ये विजेवरची स्कूटर बाजारात आणली, तेव्हा नाव शोधायला बाहेर जावं लागलं नाही. चेतक. दहा-पंधरा वर्षं कपाटात ठेवलेलं नाव झटकून बाहेर काढलं आणि ते लगेच चाललं. त्या नावात जी किंमत साठली होती, ती चिन्हातून आली नव्हती. चालत्या स्कूटरवर मागे बसलेल्या लाखो लोकांनी ती भरली होती.

चिन्ह चांगलं की वाईट, हे ठरवायची माझी एक गावठी कसोटी आहे. धूळ बसलेल्या टेम्पोच्या मागच्या फळीवर ते बोटानं काढता येतं का? आपल्याकडे धुळीची कमतरता नाही, त्यामुळे कसोटी कधीही घेता येते. षटकोन येतो. उडता ‘बी’ दोन-तीन प्रयत्नांत येतो. स्कोडाचा पंख लावलेला बाण येत नाही, पण काहीतरी पंखवाला बाण होता एवढं येतं, आणि तेवढं पुरतं. (शेंद्र्याला २००१ पासून स्कोडाच्या गाड्या जोडल्या जातात. ‘श्कोडा’ हे संस्थापकाचं आडनाव, पण चेक भाषेत त्याचा अर्थ ‘नुकसान’ किंवा ‘अरेरे’ असा होतो. ‘नुकसान’ नावाची गाडी आपल्याकडे कुणी मुहूर्त काढून, हार घालून घरी आणली असती का, हा प्रश्न मला अधूनमधून पडतो.)

या कसोटीत जो साफ नापास होतो, तो व्हिडिओकॉनचा हिरवा ‘व्ही’.

व्हिडिओकॉन ही या शहराची लाडकी कंपनी. धूत कुटुंबाची, पैठण रस्त्यावर चितेगावला मोठा कारखाना. ऐंशीच्या दशकात तोशिबाच्या तंत्रज्ञानावर रंगीत टीव्ही बनवून तिनं देशभर नाव केलं. ‘द इंडियन मल्टिनॅशनल’ ही तिची ओळ होती, आणि मराठवाड्यातल्या माणसाला ती वाचून छाती फुगल्यासारखं व्हायचं. आपल्याकडून मजूर बाहेर जातात, ऊसतोड कामगार बाहेर जातात. आपल्याकडून टीव्ही बाहेर जातो, ही नवीन गोष्ट होती.

मग नव्वदीच्या दशकात सॅमसंग आली, एलजी आली. एलजीचं चिन्ह आठवा: लाल गोल, त्यात एल आणि जी अक्षरांचा हसरा चेहरा. धुळीत काढता येतो. या कंपन्यांपुढे देशी टीव्ही थोराड दिसायला लागला. २००९ मध्ये व्हिडिओकॉननं इंटरब्रँड या जगप्रसिद्ध संस्थेकडून नवी ओळख करून घेतली. हिरव्या रंगाचा, लाव्ह्यासारखा वाहता, वितळल्यासारखा ‘व्ही’, आणि सोबत चाऊ आणि माऊ नावाची दोन हिरवी गोजिरवाणी पात्रं. मराठी कानाला ही नावं बालवाडीतल्या गाण्यातली वाटतात. कल्पना अशी होती की कंपनी आता ताजी, प्रवाही, पर्यावरणाचा विचार करणारी दिसेल.

हे चिन्ह तेव्हाच्या फॅशनचं होतं. फुगीर, चकाकतं, त्यावर प्रकाशाची तिरीप पडलेली. त्या काळात सगळेच लोगो जणू जेली खाऊन आले होते. नंतर मोबाइलचा पडदा आला, चिन्हाला बोटाच्या पेरापेक्षा लहान चौकोनात बसायची वेळ आली, आणि सगळ्या जगानं ती चकाकी पुसून टाकली. स्कोडानंही २०२२ मध्ये आपला धातूसारखा उठावदार बाण सपाट केला. पण माझा आक्षेप चकाकीवर नाही. तो हिरवा ‘व्ही’ एकाच वेळी फार गोष्टींवर बसवला गेला. टीव्ही, फ्रिज, वॉशिंग मशीन, त्याच सुमारास आलेली डीटूएच, मग मोबाइल सेवा. घरातल्या पाच वस्तूंवर एकच वितळता आकार, आणि त्या आकाराचा त्यातल्या एकाही वस्तूशी संबंध नाही. फ्रिज थंड करतो, लाव्हा भाजतो. ज्या माणसानं वीस वर्षांपूर्वी शटरवाला टीव्ही घेतला होता, त्याला या नव्या चिन्हात त्याची कंपनी दिसतच नव्हती. आणि ज्याला जुनी कंपनी नकोच होती, तो केव्हाच एलजीच्या दुकानात जाऊन पोचला होता.

लोगोमुळे कंपनी बुडाली असं म्हणणं हास्यास्पद होईल. ती कर्जाखाली गेली. २०१८ मध्ये प्रकरण दिवाळखोरीच्या प्रक्रियेत, कंपनी लवादापुढे गेलं. चाऊ-माऊचा त्यात काही हात नव्हता. पण तेव्हा एक गोष्ट उघडी पडली. एखाद्या ओळखीचा मालक कोण, हा प्रश्न कागदावर सोपा असतो: ट्रेडमार्क नोंदवला ज्यानं, तो मालक. बँकांच्या यादीत ब्रँडलाही एक रक्कम असते, यंत्रांना असते तशी. त्या यादीत ‘व्हिडिओकॉनला आहे’मधला ‘ला’ कुठे लिहायचा? ज्याच्या जोरावर कुणाचं लग्न जमलं, कुणाला गृहकर्ज मिळालं, कुणी गावाकडून भावाला बोलावून घेतलं, ती पतसुद्धा त्याच नावाची होती. ती बुडाली तेव्हा तिच्यासाठी दावा दाखल करायची खिडकी कुठेच नव्हती.

याच २०१८ मध्ये शहरातली आणखी एक ओळख विकली गेली, फारसा गाजावाजा न होता. निर्लेप.

निर्लेपबद्दल लिहायचं तर जरा सैल बसून लिहावं लागेल, कारण माझ्या मते मराठी उद्योगानं ठेवलेल्या नावांमध्ये हे सर्वांत हुशार नाव आहे. औरंगाबादच्या भोगले कुटुंबाची ही कंपनी १९६८ मध्ये सुरू झाली. न चिकटणारी भांडी तेव्हा भारतात नवलाची होती. ज्या लेपामुळे भांडं चिकटत नाही तो रासायनिक पदार्थ अमेरिकेत १९३८ मध्ये एका प्रयोगशाळेत जवळजवळ अपघातानं सापडला. फ्रान्समध्ये १९५६ मध्ये त्यावरून तेफाल कंपनी निघाली. तिचं नाव टेफ्लॉन आणि ॲल्युमिनियम यांची टोकं जोडून केलेलं आहे. म्हणजे नावात कच्चा माल आहे, पावती वाचल्यासारखा. आपल्याकडेही अशी नावं आहेत: विको म्हणजे विष्णू इंडस्ट्रियल केमिकल कंपनीची आद्याक्षरं. नाहीतर आडनावं: किर्लोस्कर, चितळे.

आणि इथे कुणीतरी म्हणालं, निर्लेप. गीतेच्या पाचव्या अध्यायात कमळाच्या पानाची उपमा आहे. पान पाण्यात असतं, पण पाणी त्याला चिकटत नाही, तसा कर्म करूनही न लिंपणारा माणूस. ज्या जिल्ह्यात ज्ञानेश्वरांचं आपेगाव आहे, एकनाथांचं पैठण आहे, तिथे हा शब्द कीर्तनातून घरोघरी पोचलेला होता. तो उचलून तव्यावर ठेवला. धिरडं तव्यावर असतं पण तव्याला चिकटत नाही. जाहिरातीत समजावून सांगायला काही उरतच नाही. शिवाय शब्द तत्सम असल्यामुळे गुजरात्यालाही कळतो, हिंदीवाल्यालाही कळतो.

यात एक मस्त विसंगती आहे. निर्लेप म्हणजे लेप नसलेला. आणि या तव्याचा सगळा गुण त्याच्या लेपात आहे! लेप गेला की तो साधा ॲल्युमिनियमचा तुकडा. व्याकरणाच्या मास्तरांनी लाल शाई काढावी असं हे नाव, पण गेल्या पन्नास वर्षांत कुठल्याही स्वयंपाकघरात कुणी ही शंका काढल्याचं ऐकिवात नाही. कारण तिथे शब्दाचा अनुभव आधी आला. बिडाच्या तव्यावर पहिलं धिरडं हटकून चिकटायचं, ते खरवडून काढणाऱ्या बाईला ‘निर्लेप’चा अर्थ शब्दकोशात बघायची गरज नव्हती.

आणि दृश्य ओळख? निर्लेपचा लोगो कसा होता, कोणत्या रंगाचा, हे मी माझ्या ओळखीच्या दहा जणांना विचारलं. एकालाही धड सांगता आलं नाही. पण तवा कसा होता, हे सगळ्यांनी सांगितलं. काळा, हलका, लांब मुठीचा. त्याच्याबरोबरचं लाकडी उलथनं. आणि नियम: स्टीलचा चमचा लावायचा नाही, तारेच्या घासणीनं घासायचा नाही, दुसऱ्या भांड्यांच्या ढिगात टाकायचा नाही. आमच्या घरी तो भिंतीवर खिळ्याला वेगळा टांगलेला असायचा आणि पाहुण्या बायका मदतीला उठल्या की “तो राहू द्या, तो मी घासते” असं आई सांगायची. घरातल्या इतर कुठल्याही भांड्याला असे पथ्यपाणी सांभाळणारे नियम नव्हते. ओळखीचा कार्यक्रम म्हणतात तो हाच. रंग, आकार, स्पर्श, सोबतची वस्तू आणि वागण्याची रीत. ब्रँडिंगच्या पुस्तकात यासाठी जाडजूड नियमावली बनवतात, इथे ती आया-मावश्यांनी तोंडी चालवली.

या यशाचा एक तोटा असतो, तो निर्लेपच्याही वाट्याला आला. दुकानात जाऊन लोक “निर्लेपचा तवा द्या” म्हणायला लागले आणि दुकानदार कुठल्याही कंपनीचा काढून द्यायला लागला. डालडा, झेरॉक्स यांच्या रांगेत नाव जाऊन बसलं. नाव इतकं जिंकलं की ते कंपनीच्या हातातून सुटलं. २०१८ मध्ये बजाज इलेक्ट्रिकल्सनं (बजाज कुटुंबातली, पण वाळूजच्या बजाजहून वेगळी कंपनी) निर्लेपमधला सुमारे ऐंशी टक्के हिस्सा विकत घेतला. बातमी अर्थविषयक पानावर आली. तवा खिळ्यावरच होता.

कंपन्या बाजूला ठेवून क्षणभर पैठणीकडे बघा. तिला लोगो नाही. २०१० मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, पण मोर, मुनिया पोपट, आसावलीची वेल आणि काठापदराची रचना त्याच्या कित्येक पिढ्या आधीपासून ओळखली जाते. विणीची दोन्ही बाजूंनी सारखी दिसणारी सफाई ही तिची सही. जाणकार बाई पदर उलटून बघते, लेबल शोधत नाही. हातमागावरच्या माणसाचं नाव मात्र त्या साडीवर कुठेच नसतं. वाळूजच्या छोट्या शेडमध्ये सुटे भाग बनवणाऱ्याचंही नसतं. या शहरात अशा अदृश्य ओळखीची मोठी परंपरा आहे. एन्ड्युरन्ससारखी इथेच वाढलेली मोठी कंपनी घ्या. तिचे शॉक ॲब्सॉर्बर लाखो दुचाक्यांखाली असतात, पण गाडी घेणारा टाकीवरचंच नाव वाचतो.

आता अक्षरांबद्दल. महाराष्ट्रात दुकानांच्या पाट्या मराठीत, आणि इतर लिपीपेक्षा लहान नसलेल्या अक्षरात हव्यात, हा कायद्यातला बदल २०२२ मधला. सप्टेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं दुकानदारांना पाट्या बदलायला दोन महिन्यांची मुदत दिली. त्यानंतर जालना रोडवरून, निराला बाजारातून फिरताना एक गमतीशीर प्रदर्शन बघायला मिळालं. मोठमोठ्या ब्रँडचे रोमन लोगो तसेच, आणि खाली किंवा शेजारी घाईघाईनं टाइप केलेली देवनागरी. लोगोसाठी लाखो खर्च करणाऱ्यांनी मराठीसाठी कॉम्प्युटरमध्ये आयता मिळाला तो फॉन्ट लावला होता. त्यातल्या त्यात मंगल तरी र. कृ. जोशींसारख्या मोठ्या अक्षरकारानं केलेला आहे, पण तो पडद्यावर वाचण्यासाठी केलेला, दहा फुटी पाटीसाठी नाही. ज्यांना जरा चाड होती त्यांनी एक टाइप या मुंबईच्या मंडळींचा बलू वापरला. तो फुकट मिळतो आणि गुबगुबीत, हसरा आहे. त्यामुळे आता चपलांचं दुकान, डायग्नोस्टिक सेंटर आणि बिर्याणी, सगळे एकाच आवाजात बोलतात.

माझी तक्रार भाषाभिमानाची नाही. चिन्ह एका लिपीत विचार करून केलं असेल तर दुसऱ्या लिपीत ते नुसतं उतरवून चालत नाही, एवढंच म्हणणं आहे. व्हिडिओकॉनचा सगळा डौल एका रोमन ‘व्ही’वर उभा होता. देवनागरीत लिहा: व्हिडिओकॉन. सुरुवातीला ऱ्हस्व वेलांटी, मग अर्धा व, मग ह. तो ‘व्ही’ तिथे नाहीच! उतार नाही, लाव्हा नाही, चाऊ-माऊला बसायला जागा नाही. आता लिहा: बजाज. एकही मात्रा नाही, वेलांटी नाही, शिरोरेषेच्या वर-खाली काहीच नाही. तीन व्यंजनं आणि एक काना, एका सरळ रेषेला टांगलेली, कारखान्यातल्या हत्यारांच्या फळीसारखी. देवनागरीत याहून भक्कम शब्दचिन्ह मिळणं कठीण, आणि कंपनीनं जगभर मिरवला तो मात्र रोमन ‘बी’. आणि निर्लेप: ‘र्ले’ अक्षरावर रफार आणि मात्रा एकाच ठिकाणी उठतात. कमल शेडगेंसारख्या अक्षरकारानं, ज्यांनी मराठी नाटकांच्या नावांना चेहरे दिले, त्यांनी या दोन रेघांची तव्यावरची वाफ केली असती, असं मला नेहमी वाटतं.

राहता राहिलं शहर. शेंद्रा-बिडकीनला दिल्ली-मुंबई औद्योगिक पट्ट्यात नवं औद्योगिक शहर उभं राहतंय. त्याचं नाव ऑरिक. सप्टेंबर २०१९ मध्ये पंतप्रधानांनी तिथल्या ऑरिक हॉलचं उद्घाटन केलं. ऑरिक हे औरंगाबाद इंडस्ट्रियल सिटीचं लघुरूप, आणि इंग्रजीत त्याचा अर्थ सोन्याशी संबंधित असाही होतो. दोन अर्थ एकात बसवणारं चलाख नाव. मग २०२३ मध्ये शहराचं नाव छत्रपती संभाजीनगर झालं. खडकी, फतेहनगर, औरंगाबाद या क्रमानं नाव बदलत आलेल्या या शहराला पाट्या उतरवण्याचा अनुभव आहे. सरकारी कार्यालयांच्या पाट्या बदलल्या. ऑरिक चालवणाऱ्या कंपनीच्या नावात पूर्वी औरंगाबाद होतं, तिथे आता महाराष्ट्र आहे. ऑरिक मात्र राहिलं, कारण परदेशी गुंतवणूकदारांच्या माहितीपत्रकांवर ते जाऊन बसलंय आणि ओळख पुन्हा शून्यापासून उभी करायला पैसा आणि वर्षं लागतात.

रोमनमध्ये लिहिलेल्या त्या नावाची पहिली तीन अक्षरं अजून जुन्या शहराचीच आहेत. मराठी पाटीवर मात्र ‘औ’ नाही. तिथे चंद्र काढलेला ‘ऑ’ आहे.